सोलापूरच्या उन्हात कण्हेर कशी लावायची
विलोच्या झाडासारखी लांब निमुळती पानं पुष्कळांना आवडतात, पण विलो म्हणजे आपलं वाळुंज, त्याला नदीकाठची ओल लागते, सोलापूरच्या मे महिन्यात अंगणात ती कुठनं आणणार? सरळ कण्हेर लावा, तिची पानंही तशीच. पावसाळ्यात पेन्सिलीएवढी जाड, वीतभर फांदी कापायची, खालची पानं काढायची, नुसत्या पाण्यात ठेवली तरी मुळं फुटतात. काळ्या मातीत पाणी साचतं म्हणून मुरूम नाहीतर वाळू मिसळाच. एक मात्र लक्षात ठेवा, चीकच काय सगळं झाडच विषारी, लेकरं-शेळ्या लांब ठेवा, छाटलेल्या फांद्या जाळू पण नका, धूरही वाईट. आणि नर्सरीत कण्हेर म्हणून बिट्टी, म्हणजे तिच्यासारखंच दिसणारं दुसरं झाड, गळ्यात मारतात कधीकधी, नीट बघून घ्या, कण्हेरीची पानं एका पेरावर बहुतेक तीन-तीन, बिट्टीची एकेकटी.