गच्चीवर ग्रीन नेट बांधायची? आधी काटकोन शोधा

एप्रिल लागला की आमच्याकडे नागपुरात दोनच कामं असतात, कूलर बाहेर काढा आणि गच्चीवर ग्रीन नेट बांधा. मागच्या वर्षी मी नेट आणली ती अशी मोठी निघाली की मधोमध झोळी झाली, पहिल्या पावसात तिच्यात टपभर पाणी साचलं. चूक नेटची नाही, माझ्या हिशोबाची होती.

जिन्याच्या खोलीची भिंत 9 फूट, समोरचा कठडा 3 फूट, दोघांमधलं अंतर 12 फूट. मी 9 आणि 12 घेतले, दोन्हीचा वर्ग करून बेरीज 225, वर्गमूळ 15, झालं म्हटलं, पाठ्यपुस्तकासारखं छान उत्तर आलं. पण नेटचं दुसरं टोक जमिनीवर कुठं बांधतो आपण, ते तर कठड्यावर बांधतो ना! म्हणजे उभी बाजू 9 नाही, 9 वजा 3, म्हणजे 6. आता 36 अधिक 144 म्हणजे 180, वर्गमूळ 13.4 फूट. बांधायला दोन्ही टोकांना थोडं जास्त धरा अन् साडेचौदा आणा, पण ताणून बांधा. तर आधी कागदावर त्रिकोण काढा आणि त्याचा काटकोन नेमका कुठे येतो ते पाहा, मगच मोबाईल हातात घ्या.

आणखी एक गोष्ट, यात भलेभले फसतात. कॅल्क्युलेटरवर 15.62 आलं म्हणजे 15 फूट 6 इंच नाही! पॉइंटनंतरचा आकडा 12 नं गुणायचा, 0.62 गुणिले 12 म्हणजे साधारण साडेसात इंच. 10 बाय 12 च्या खोलीचा कर्ण हाच येतो, 15 फूट साडेसात इंच. टाइल्स लावायच्या आधी दोन्ही कर्ण मोजा, सारखे नसतील तर खोली काटकोनात नाही, मग एका भिंतीला टाइलचे उभे तुकडे निमुळते कापावे लागतात अन् ते कायमचे डोळ्यांत खुपतात. मिस्त्री गुण्या (काटकोन तपासायची L आकाराची पट्टी) लावतात, पण गुण्या छोटा, लांब भिंतीला त्याचा भरवसा नाही. त्यापेक्षा कोपऱ्यापासून एका भिंतीवर 3 फूट, दुसरीवर 4 फूट खूण करा, दोन खुणांमध्ये बरोबर 5 भरले तर काटकोन पक्का. जागा असेल तर 6-8-10 घ्या, चूक जास्त स्पष्ट दिसते.

टीव्हीचं तर लवकर होतं. 43 इंची म्हणजे कर्ण 43, रुंदी नाही. स्क्रीन 16:9 असते म्हणून कर्णाला 0.87 नं गुणा, रुंदी साडेसदतीस इंच. कोनाडा मोजून घ्या, त्यात फ्रेमची जागाही धरा.

आता शिडी. शाळेत शिडीची गणितं 5-12-13 ची असायची, पाय भिंतीपासून 5, उंची 12, शिडी 13, आठवतं का? तशी शिडी खरंच लावू नका बावा, घसरेल. खालचा पाय भिंतीपासून उंचीच्या चौथ्या भागाइतका दूर असावा, म्हणजे 12 फुटांवर टेकवायची तर 3 फूट. वर्ग 144 अधिक 9, वर्गमूळ 12.4 फूट, तेवढी शिडी तिथपर्यंत पुरते. गच्चीवर चढून जायचं असेल तर कडेच्या वर आणखी 3 फूट शिडी हवी, धरायला काहीतरी लागते ना.

अंगणातल्या कडुनिंबाची उंची मोजायला वर चढायची गरज नाही. 4 फुटांची काठी उभी धरा, सावली मोजा, समजा 6 फूट. लगेच त्याच वेळी झाडाची सावली मोजा, समजा 33 फूट, बुंध्याच्या मध्यापासून, जमीन सपाट हवी. काठी अन् तिची सावली, झाड अन् त्याची सावली, दोन्ही समरूप काटकोन त्रिकोण, म्हणून 33 गुणिले 4 भागिले 6, झाड 22 फूट. फक्त हे मे महिन्याच्या शेवटी दुपारी करू नका. नागपूर 21 अंश अक्षांशाच्या जरासं वर आहे, त्या दिवसांत बारानंतर थोड्याच वेळात सूर्य जवळपास डोक्यावर येतो आणि काठीची सावली काठीच्याच पायाशी गोळा होते, मोजणार काय? 45 च्या उन्हात तुम्ही भाजाल ते वेगळंच. सकाळी आठला जा.