खुनाचं अपील आणि प्रत्यक्षदर्शी साक्षीदार : या चुका टाळा

खुनाचं अपील पहिल्यांदा हातात आलं की बहुतेक ज्युनिअर वकील आधी निवाडे शोधायला बसतात. पेपर बुक (खालच्या कोर्टातल्या साक्षी आणि कागदपत्रांचा अपिलासाठी बांधलेला संच) अजून उघडलेलंही नसतं, पण ‘प्रत्यक्षदर्शी साक्षीदार अविश्वसनीय’ या विषयावरचे दहा निवाडे छापून तयार. ही घाई जन्मठेप भोगणाऱ्या माणसाला महाग पडते, म्हणून हे लिहितो आहे.

सगळ्यात घातक चूक म्हणजे शाबीत न झालेल्या तफावतीवर अपील उभं करणं. साक्षीदार कोर्टात सांगतो, ‘आरोपीने कोयत्याने वार केलेला मी पाहिला.’ पोलिसांपुढच्या जबाबात कोयत्याचा उल्लेख नाही. उलटतपासात विचारलं की ठरलेलं उत्तर येतं : ‘मी पोलिसांना सांगितलं होतं, त्यांनी का लिहिलं नाही ते सांगता येणार नाही.’ इथे काम अर्धंच झालेलं असतं. ‘साक्षीदाराने माझ्यापुढे तसं सांगितलं नव्हतं’ हे तपास अधिकाऱ्याच्या तोंडून आलं पाहिजे. दोषारोपपत्रातला जबाब म्हणजे पुरावा नव्हे. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 162 असो की नव्या नागरिक सुरक्षा संहितेचं 181, बचाव पक्षाला तो जबाब साक्षीदाराचं म्हणणं खोडण्यापुरताच वापरता येतो, आणि तोही रीतसर शाबीत करून.

एका अपिलात मी सहआरोपीतर्फे उभा होतो. मुख्य आरोपीच्या तरुण वकिलाने तफावतींचा लांबलचक तक्ता आणला होता. पहिल्याच मुद्द्यावर खंडपीठाने विचारलं, ‘तपास अधिकाऱ्याच्या साक्षीत हे कुठे आहे?’ तो पानं उलटत राहिला. दुसऱ्या, तिसऱ्या मुद्द्यालाही तेच. तक्ता थेट दोषारोपपत्रावरून बनवला होता आणि खालच्या कोर्टात तपास अधिकाऱ्याला यातलं फारसं काही विचारलंच नव्हतं. वाईट याचं वाटलं की त्याच्याकडे खरोखर भक्कम मुद्दा होता : घटनास्थळाच्या पंचनाम्यात दिव्याची नोंद नव्हती आणि पंचाने उलटतपासात ते कबूल केलं होतं. तो मुद्दा तक्त्याच्या शेवटी. तिथे पोहोचेपर्यंत त्याच्या प्रत्येक विधानाकडे खंडपीठ संशयाने पाहू लागलं होतं.

मी पेपर बुक शेवटाकडून वाचतो. आधी तपास अधिकाऱ्याचा उलटतपास, मग पंच, मग डॉक्टर आणि सर्वांत शेवटी प्रत्यक्षदर्शी. प्रत्येक तफावतीसमोर तपास अधिकाऱ्याच्या कबुलीचा पान क्रमांक लिहितो. क्रमांक सापडला नाही तर ती तफावत खोडतो, मग ती कितीही आकर्षक असो. उरलेल्यांतही सगळ्याच कामाच्या नसतात. मृताच्या शर्टाचा रंग किंवा वारांचा क्रम चुकला म्हणून साक्ष कोसळत नाही; साक्षीदाराची स्मृती व्हिडिओ टेपसारखी नसते, हे सर्वोच्च न्यायालयाने 1983 साली भरवाडा भोगिनभाई प्रकरणातच सांगून ठेवलं आहे.

दुसरी चूक मला जास्त टोचते : प्रत्येक साक्षीदाराला खोटारडा ठरवणं. नवऱ्याचा खून डोळ्यांदेखत पाहिलेल्या बाईला खोटं बोलायचं कारणच नसतं. पण खरं बोलणारा माणूसही चुकीच्या माणसाकडे बोट दाखवू शकतो. अमेरिकेत डीएनए चाचणीने निर्दोष ठरलेल्यांच्या बहुसंख्य प्रकरणांत मूळ शिक्षेमागे चुकीची ओळख होती. म्हणून तिच्या प्रामाणिकपणावर हल्ला न चढवता पाहण्याच्या परिस्थितीकडे वळा. आरोपी अनोळखी होता का? अंतर किती, उजेड कशाचा, चेहरा किती वेळ दिसला? फिर्यादीत वर्णन आहे का? ओळख परेड (इतरांच्या रांगेत उभ्या केलेल्या आरोपीला साक्षीदाराने ओळखणं) किती दिवसांनी झाली, त्याआधी आरोपीला किंवा त्याचा फोटो दाखवला होता का? परेडच झाली नसेल, तर अनोळखी आरोपीला थेट कोर्टात ओळखण्याला फारसा अर्थ उरत नाही (कानन विरुद्ध केरळ राज्य, 1979). मात्र आरोपी साक्षीदाराचा शेजारी असताना ‘ओळख परेड घेतली नाही’ म्हणून ओरडू नका. तिथे तिची गरजच नसते.

बाकीचं थोडक्यात. ‘साक्षीदार नातेवाईक आहे’ हा मुद्दा एकटा कधीच मांडू नका. जवळचा नातेवाईक खऱ्या गुन्हेगाराला सहसा सोडत नाही, हे दलीप सिंग निवाड्यात 1953 पासून आहे. ‘साक्षीदार एकच’ हाही मुद्दा नव्हे, कायदा संख्या मागत नाही : जुन्या पुरावा कायद्याचं कलम 134, नव्या साक्ष्य अधिनियमाचं 139. ‘एक गोष्ट खोटी म्हणून सगळी साक्ष खोटी’ हे तत्त्व आपल्याकडे चालत नाही. डॉक्टरांचा पुरावा साक्षीदाराचं म्हणणं पूर्णपणे अशक्य ठरवत असेल तरच त्यावर जोर द्या. जबाब उशिरा नोंदवला असेल तर तपास अधिकाऱ्याकडे त्याचा खुलासा मागितला होता का, ते आधी पाहा.

आणि युक्तिवाद निवाड्याने सुरू करू नका. साक्षीदार कुठे उभा होता, मृत कुठे पडला, मध्ये काय होतं, हे आधी नकाशावर दाखवा. पेपर बुकात नकाशा नसेल, तर सुनावणीच्या आदल्या संध्याकाळपर्यंत थांबू नका. अपील दाखल होताच मूळ रेकॉर्डमधून त्याची प्रत मिळवा.