सोनेरी भिंतीवरची मरिया आणि तिचं बाळ: बघताना या चुका टाळा

इस्तंबूलच्या सहलीचे फोटो दाखवताना हाया सोफिया या एकेकाळच्या चर्चमधली मरिया माता आली की हमखास कुणीतरी म्हणतं, "बाळ काही जमलेलं नाही बुवा त्यांना. केवढं पोक्त दिसतंय!" जमलं नाही असं नाही, गोंडस करायचंच नव्हतं. बायझंटाइन, म्हणजे इस्तंबूल कॉन्स्टँटिनोपल होतं तेव्हाच्या पूर्व रोमन साम्राज्यातल्या, कारागिराच्या श्रद्धेनुसार आईच्या मांडीवरचा येशू सृष्टीच्याही आधीपासून आहे. म्हणून कपाळ मोठं, नजर स्थिर, एका हातात गुंडाळी आणि दुसरा आशीर्वादासाठी उचललेला. बाळकृष्णाच्या तोंडात यशोदेला विश्व दिसतं, ते आपल्याला कधी खटकत नाही. इथेही थोडा तसाच विचार करावा.

दुसरी चूक फोटो काढणाऱ्यांची. मोझेक, म्हणजे बारीक तुकडे बसवून केलेलं हे चित्र, जवळून पाहिलं की तुकडे ओबडधोबड बसवल्यासारखे वाटतात. सोनेरी तुकडा म्हणजे खाली जाड काच, तिच्यावर सोन्याचा वर्ख आणि त्यावर काचेचा पातळ पापुद्रा. असे तुकडे ओल्या गिलाव्यात दाबताना ते एका पातळीत येणार नाहीत, काही किंचित कलतील, हे कारागीर चालवून घेत, पुष्कळदा मुद्दामच करत. तेलाच्या दिव्यांच्या आणि मेणबत्त्यांच्या उजेडात प्रत्येक तुकडा वेगळ्या क्षणी चमकतो. तुम्ही चाललात की चमकही भिंतीवरून सरकते. फ्लॅश मारला की हे सगळं जातं आणि पिवळा सपाट पत्रा तेवढा उरतो. तेव्हा मोबाइल खिशात ठेवा, चार पावलं डावीकडे जा, चार उजवीकडे, आणि मग बघा. चेहऱ्याचे तुकडे कपड्यांच्या तुकड्यांपेक्षा बारीक असतात, तेही तेव्हाच लक्षात येतं.

मरियेच्या दोन्ही बाजूंची अक्षरं चित्रकाराची सही समजू नका. एका बाजूला इंग्रजी 'एमपी'सारखं काहीतरी दिसतं. पण ग्रीकमध्ये 'पी'सारखं दिसणारं अक्षर म्हणजे 'र'. 'मितिर थेऊ', म्हणजे देवमाता, या दोन शब्दांची पहिली आणि शेवटची अक्षरं तिथे असतात आणि वरची आडवी रेघ शब्द आखडल्याची खूण असते.

काळाबाबतचा घोळ सगळ्यात मोठा. इमारत 537 सालची, दारावरच्या मोझेकमध्ये सम्राट जस्टिनियन मरियेला हीच इमारत अर्पण करतोय, म्हणजे चित्रही त्याच्याच काळातलं, असं गणित मांडलं जातं. ते चुकतं. ते मोझेक साधारण दहाव्या शतकातलं, जस्टिनियन जाऊन तेव्हा चारेकशे वर्षं झाली होती. मधल्या काळात, आठव्या-नवव्या शतकांत, साम्राज्यात धार्मिक चित्रांवर बंदी आली. ती कायमची उठली 843 मध्ये. वेदीवरच्या अर्धघुमटातली मरिया त्यानंतरची: 29 मार्च 867 रोजी धर्मगुरू फोटिओस यांनी तिच्यावर प्रवचन दिलं. खरोखर सहाव्या शतकातली मरिया बघायची तर सिनाईच्या सेंट कॅथरिन मठात मेणात कालवलेल्या रंगांचा आयकॉन, म्हणजे फळीवरचं पूजेचं चित्र, आहे. चित्रबंदीच्या काळात तो प्रदेश अरबांच्या ताब्यात, म्हणून बंदीचा हात तिथवर पोहोचला नाही.

"सगळे आयकॉन सारखेच" हेही एक. हात बघा. मरिया बाळाकडे बोट दाखवत असेल तर ती होदेगेत्रिया, वाट दाखवणारी. गालाला गाल लावलेला असेल तर एलेउसा, करुणामयी. बाराव्या शतकात कॉन्स्टँटिनोपलहून कीवला गेलेली व्लादिमिरची मरिया ही त्यातली सर्वांत प्रसिद्ध.

आणि मुंबईकरांची खास चूक. माहीमच्या चर्चमध्ये बुधवारच्या नोव्हेना प्रार्थनेला सगळ्या धर्मांची माणसं रांग लावतात. तिथल्या मरियेचं मूळ चित्र रोममध्ये आहे आणि ते क्रीट बेटावरच्या शैलीतलं, म्हणजे बायझंटाइन साम्राज्य संपल्यावरही तिथे जगलेल्या परंपरेतलं. बाळ आईकडे बघत नाही, ही रंगवणाऱ्याची गफलत वाटते. त्याची नजर जाते तिकडे बघा: उजवीकडे वर एक देवदूत क्रूस घेऊन आलाय. बाळ दचकलंय, दोन्ही हातांनी आईचा हात घट्ट धरलाय, आणि त्या गडबडीत एका पायातली चप्पल निसटून नुसती बंदाला लोंबतेय.