गावकऱ्याच्या चारित्र्याची साक्ष कशी द्यावी

यवतमाळ जिल्ह्यातील एखाद्या गावात कुणावर कापूस चोरल्याचा खटला उभा राहिला, की घरची मंडळी 'माणूस चांगला आहे' असे सरपंचाचे पत्र घेऊन वकिलाकडे जातात. पत्राची उलटतपासणी घेता येत नाही. म्हणून त्या माणसाला वर्षानुवर्षे ओळखणाऱ्याने स्वतः साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभे राहावे.

1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियम, 2023 च्या कलम 47 नुसार फौजदारी खटल्यात आरोपीचे पूर्वीचे चांगले चारित्र्य विचारात घेता येते. साक्ष मात्र सर्वसाधारण लौकिकाची व स्वभावाची असावी. 'जिनिंगवर (कापसाची सरकी काढण्याच्या कारखान्यात) चुकून जास्त मिळालेले पैसे त्याने परत केले' हा प्रसंग खरा असला तरी विशिष्ट कृत्य म्हणून चालत नाही. 'पैशाच्या व्यवहारात गाव त्याच्यावर विश्वास ठेवते' हे चालते.

यात एक मोठा धोका आहे. एरवी आरोपीचे वाईट चारित्र्य पुढे आणता येत नाही, परंतु बचाव पक्षाने चांगुलपणाचा पुरावा दिला की कलम 49 प्रमाणे सरकारी पक्षाला उत्तरादाखल ते मांडता येते, आणि त्यात जुनी शिक्षाही येते. तेव्हा वकिलापासून काहीही लपवू नये.

धुऱ्याच्या, म्हणजे शेताच्या बांधाच्या, दिवाणी वादात असा साक्षीदार सहसा निरुपयोगी ठरतो. लैंगिक गुन्ह्यात संमतीच्या प्रश्नावर पीडितेचे चारित्र्य काढण्यास तर कलम 48 मनाई करते, आणि ती योग्यच आहे. दोष सिद्ध झाल्यावरही हा लौकिक उपयोगी पडतो: 1958 च्या अपराधी परिवीक्षा (प्रोबेशन) अधिनियमाखाली, म्हणजे शिक्षेऐवजी चांगल्या वर्तणुकीच्या हमीवर, सुटका मागताना न्यायालय चारित्र्य पाहते.