ठाण्यात हौशी कॉन्सर्ट बँड उभा करताना

कॉन्सर्ट बँडमध्ये व्हायोलिनचा ताफा नसतो. बासरी, क्लॅरिनेट, सॅक्सोफोन, ट्रम्पेट, ट्रॉम्बोन आणि तालवाद्ये यांवरच सगळी भिस्त असते. त्यामुळे सुरुवातीला वीस-पंचवीस वादक आणि दोन-तीन संगीतशिक्षक जमले, तरी पुरेसे आहे, मात्र सगळेच सॅक्सोफोनवाले निघाले तर बँड बसत नाही.

पहिल्या तालमीत स्वर जुळवणे हेच मुख्य काम समजावे. बँड सहसा बी-फ्लॅटवर, म्हणजे आपल्या पेटीच्या काळी पाचवर, मिळवला जातो. परंतु प्रत्येक वाद्याच्या लिपीत स्वरांची नावे वेगळी असल्याने हा एकच स्वर काढण्यासाठी बासरीवादक बी-फ्लॅट, क्लॅरिनेट व ट्रम्पेटवादक सी, तर आल्टो सॅक्सोफोनवादक जी वाजवतो, हे शिक्षकांनी फळ्यावर लिहून ठेवावे, नाहीतर पहिला अर्धा तास वादातच जातो. वाद्ये दहा मिनिटे वाजवून गरम झाल्यावरच स्वर मिळवावेत, कारण थंड वाद्याचा स्वर उतरलेला असतो.

पावसाळ्यात क्लॅरिनेटचे पॅड, म्हणजे छिद्रे झाकणाऱ्या मऊ गाद्या, दमट होऊन चिकटतात. अशा वेळी पॅडखाली पातळ कागद ठेवून त्याची चावी (की) हलकेच दाबावी आणि कागदाने ओल टिपून घ्यावी. ओढाताण केल्यास पॅड फाटतो.

तालमीसाठी सोसायटीच्या गच्चीपेक्षा शाळेचा बंद वर्ग बरा, आणि रात्री दहाच्या आत आवरावे. गडकरी रंगायतनचे स्वप्न जरूर पाहावे, पण पहिला कार्यक्रम शाळेच्या सभागृहात, चारच रचनांचा ठेवावा.