रांगेच्या गणितात या चुका टाळा

एम/एम/१चं (रिक्वेस्ट यादृच्छिक येतात, सेवावेळही यादृच्छिक आणि सर्व्हर एकच, अशा रांगेचं) सूत्र पाठ झालं की कपॅसिटी प्लॅनिंग, म्हणजे किती सर्व्हर लागतील याचा अंदाज, जमलं, असा अनेकांचा समज होतो. सूत्र खरंच सुटसुटीत आहे: सेवावेळेला (१ − युटिलायझेशन)ने भागा, सरासरी प्रतिसादवेळ मिळतो. युटिलायझेशन म्हणजे सर्व्हर कामात असलेल्या वेळेचं प्रमाण. सेवेला १० मिलिसेकंद लागत असतील, तर ५० टक्के युटिलायझेशनला २० मिलिसेकंद, ८० टक्क्यांना ५०, ९० टक्क्यांना १०० आणि ९५ टक्क्यांना २००. भागाकारात सहसा कोणी चुकत नाही. चूक त्याआधी, मोजमापात होते, आणि नेमका तोच भाग कंटाळवाणा म्हणून उरकला जातो.

फक्त सरासरी सेवावेळ घेणं

हा सगळ्यात जुना आजार. समजा, १००पैकी ९९ रिक्वेस्ट १ मिलिसेकंदात होतात आणि उरलेली एक, कुणाचा तरी भलामोठा रिपोर्ट, १०० मिलिसेकंद खाते. सरासरी १.९९. डॅशबोर्डवर ‘२ मिलिसेकंद’ झळकतं. ७० टक्के युटिलायझेशनला एम/एम/१ सांगतं की रांगेत साधारण ४.६ मिलिसेकंद थांबावं लागेल. प्रत्यक्षात सरासरी ५९ मिलिसेकंद थांबावं लागतं. मग ठरलेला खेळ सुरू होतो: आधी नेटवर्कवर संशय, मग डेटाबेसवर, शेवटी कुणीतरी म्हणतं, ‘थ्रेड वाढवून बघू.’

सेवावेळ कशीही बदलत असली तरी चालणारं पोलाचेक-खिंचिन सूत्र उघडलं असतं तर ही धावपळ वाचली असती. प्रतीक्षा म्हणजे येण्याचा दर × सेवावेळेच्या वर्गाची सरासरी, भागिले २(१ − युटिलायझेशन). इथे वर्गाची सरासरी जवळपास १०१ आहे आणि त्यातले १०० त्या एकट्या जड रिक्वेस्टचे. सेवावेळेचं वितरण एम/एम/१ गृहीत धरतं तसं घातांकी असतं, तर तीच सरासरी ८च्या आसपास राहिली असती.

त्यामुळे काउंटर नेहमी तीन ठेवावेत: संख्या, सेवावेळांची बेरीज आणि सेवावेळांच्या वर्गांची बेरीज. तिसऱ्या काउंटरला कोडची एक ओळ लागते; तीही टाळणाऱ्यांना काय म्हणावं! घड्याळ मात्र काम रांगेतून उचलल्यावर सुरू करा. रिक्वेस्ट आली तेव्हापासून मोजलंत, तर प्रतीक्षा सेवावेळेतच मिसळते आणि सूत्र ती दुसऱ्यांदा मोजतं. दुसरा सर्व्हर घ्यायचाच असेल, तर तो जड कामांसाठी वेगळा ठेवा. वरच्याच आकड्यांत हलक्या रिक्वेस्टची प्रतीक्षा ०.२७ मिलिसेकंदावर येते, जड रिक्वेस्टची २७वर. ज्याचं काम मुळातच १०० मिलिसेकंदांचं आहे, त्याची २७ला सहसा तक्रार नसते.

उत्तराची वाट बघत बसणारी लोड टेस्ट

रिक्वेस्ट पाठव, उत्तर आलं की पुढची पाठव. नवशिक्यांची पहिली स्क्रिप्ट हमखास अशीच असते आणि रिपोर्ट हिरवागार दिसतो म्हणून ती तशीच राहते. दर १० मिलिसेकंदांना एक रिक्वेस्ट, अशी ६० सेकंदांची टेस्ट घ्या. उत्तर १ मिलिसेकंदात येतंय. मध्येच गार्बेज कलेक्शनमुळे (नको असलेली मेमरी मोकळी करण्याच्या कामामुळे) सर्व्हर ५ सेकंद गोठतो. स्क्रिप्टही त्याच्यासोबत थांबते. लॉगमध्ये ५,५०० जलद नोंदी आणि ५ सेकंदांची एकुलती एक. ९९वा पर्सेंटाइल (१००पैकी ९९ रिक्वेस्ट ज्याच्या आत उरकतात तो वेळ): १ मिलिसेकंद!

खरे वापरकर्ते सर्व्हर गोठला म्हणून यायचे थांबत नाहीत. त्या ५ सेकंदांत ५०० रिक्वेस्ट आल्या असत्या. पहिली ५ सेकंद ताटकळली असती, मधली अडीच. एकूण ६,०००पैकी हे ८ टक्क्यांहून जास्त. म्हणजे खरा ९५वा पर्सेंटाइल २ सेकंद आणि ९९वा ४.४ सेकंद. साचलेली रांग उपसायला लागणारा वेळ यात धरलेलाच नाही.

उपाय: प्रत्येक रिक्वेस्ट कधी सुटणार याचं वेळापत्रक टेस्टआधीच बनवा, उत्तर येवो न येवो ती वेळेवर सोडा, आणि विलंब ठरलेल्या वेळेपासून मोजा, प्रत्यक्ष पाठवल्यापासून नाही. टूल कोणतंही असो, रिपोर्टमध्ये सगळ्यात आधी ठरलेल्या ६,०००पैकी किती रिक्वेस्ट गेल्या ते बघा. ५,५०१ दिसलं तर पर्सेंटाइल वाचूच नका.

बाकीच्या, थोडक्यात

युटिलायझेशनची लांब सरासरी फसवते. अर्धा वेळ ५० टक्के आणि अर्धा वेळ ९० टक्के असेल, तर आलेख ७० दाखवतो. १० मिलिसेकंद सेवावेळेला सूत्र ३३ मिलिसेकंद म्हणतं. दर रिक्वेस्टमागे खरी सरासरी ७१ पडते, कारण गर्दीच्या वेळेतच जास्त रिक्वेस्ट येतात.

मिनिटाच्या ठोक्याला आपोआप सुटणारी कामं (क्रॉन जॉब) पॉइसन, म्हणजे एकमेकांपासून स्वतंत्र आणि यादृच्छिक येणारी, नसतात; वरची सूत्रं मात्र तेच गृहीत धरतात. दर सेकंदाला आलेल्या रिक्वेस्टच्या संख्येचं प्रसरण (व्हेरियन्स) भागिले सरासरी काढा. ते १च्या जवळ हवं. मग १० आणि १०० सेकंदांच्या खिडक्यांवरही तपासा. बेलकोर या अमेरिकी टेलिफोन संशोधन संस्थेतल्या इथरनेट मोजमापांनी १९९०च्या दशकातच दाखवून दिलं की ट्रॅफिकचे झुबके मोठ्या खिडकीतही सपाट होत नाहीत.

टेलिफोन लाइनच्या हिशेबातली एरलांग बी (लाइन मोकळी नसेल तर कॉल तुटतो) आणि सी (कॉल रांगेत थांबतो) ही सूत्रं, यांची अदलाबदल नको. १० एरलांग भार (एका वेळी सरासरी १० लाइन भरतील इतके कॉल) १० लाइनवर टाकला, तर बी म्हणतं सुमारे २१ टक्के कॉल परत जातील. सीच्या हिशेबात तीच रांग वाढतच राहते. कॉल थांबतो की तुटतो, हे आधी ठरवा.

टप्प्याटप्प्यांच्या ९९व्या पर्सेंटाइलची बेरीज करू नका.

लिटलच्या नियमात (सिस्टीममधली सरासरी संख्या = येण्याचा दर × सरासरी वेळ) टाकून दिलेल्या रिक्वेस्ट दरात धरल्या, तर त्यांचा वेळही सरासरीत धरा.

सिम्युलेशन घाईने थांबवणं ही अधीर लोकांची खास चूक. एम/एम/१ला स्थिरावायला लागणारा काळ सेवावेळ ÷ (१ − √युटिलायझेशन)² या प्रमाणात वाढतो: ५० टक्क्यांना सुमारे १२ सेवावेळा, ९५ टक्क्यांना सुमारे १,५६०. त्यामुळे ९५ टक्क्यांवर १०,००० रिक्वेस्ट म्हणजे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीच स्वतंत्र निरीक्षणं. पहिल्या ५०,००० रिक्वेस्ट फेकून द्या, मग प्रत्येकी ५०,०००च्या २० तुकड्या घ्या आणि विश्वासांतर (खरी सरासरी ज्या मर्यादांमध्ये असावी तो पल्ला) तुकड्यांच्या सरासरींवरून काढा. एकेका रिक्वेस्टवरून काढलेलं विश्वासांतर फार अरुंद येतं, कारण शेजारच्या रिक्वेस्ट एकाच रांगेत अडकलेल्या असतात.