संगीतावर डॉक्युमेंटरी करायचीये? आधी पंखा बंद करा

"जगभरातलं संगीत" असला विषय घेऊन बसू नका राव, दोन वर्षं शूट कराल आणि हातात काय, तर सोफ्यावर बसून बोलणारे पंधरा तज्ज्ञ. त्यापेक्षा एकच आवाज धरा. उदाहरणार्थ तंबोऱ्याची जवारी, म्हणजे तारेचा तो गुंजणारा झणत्कार. घोडीवर (तारा टेकतात ती पट्टी) तारेखाली सुताचा बारीक दोरा असतो ना, तो केसभर सरकवला की मुकी तार एकदम भुंग्यासारखी गुणगुणायला लागते, हे क्लोजअपमध्ये एक शब्द न बोलता मिनिटभर दाखवा, बघणारा हलणार नाही. आता गंमत बघा, जपानच्या शामिसेन या तंतुवाद्यातपण मुद्दाम असाच झणत्कार ठेवतात, त्याला म्हणतात सावारी, आणि झिम्बाब्वेच्या एम्बिरावर (अंगठ्यांनी पट्ट्या छेडायचं वाद्य) तर शिंपले नाहीतर बाटलीची बुचं लावतात, का तर आवाज खरखरला पाहिजे. झाला की विषय! नावं सारखी वाटतात म्हणून "हे आपल्याकडूनच गेलं" असं मात्र ठोकून देऊ नका, पुण्यात पहिल्याच शोला कोणीतरी उभं राहून पुरावा मागणार (आणि बरोबरच आहे त्याचं).

सुरुवात पुण्यातल्या केळकर म्युझियममधल्या वाद्यांपासून करा, शूटिंगची परवानगी आधी काढा. मग मिरजेला जा, तंबोरे बनतात तिथं. पहिल्या दिवशी कॅमेरा बॅगेतच राहू दे, चहा प्या, कारागिराचे हात बघत बसा.

आवाजाचं नीट ऐका. मी मे महिन्यात पेठेतल्या एका वाड्यात एका बाईंचं गाणं शूट केलं, उकडत होतं म्हणून पंखा चालू ठेवला, घरी येऊन ऐकतो तर प्रत्येक आलापाखाली घरघर, सगळं वाया. तेव्हापासून पंखा बंद, फ्रीज बंद, आणि गाडीची किल्ली फ्रीजमध्ये, म्हणजे निघताना तो परत चालू करायला विसरत नाही. रेकॉर्डर वेगळा, ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट. कॅमेऱ्याचा माइक फक्त सिंकपुरता, म्हणजे नंतर चित्र आणि आवाज जुळवायला. शटर १/५०, नाहीतर ट्यूबलाइट लपलपते.

जुना काळ दाखवायचा तर नुसते पिवळट फोटो नकोत, तेव्हाची अडचण दाखवा. १९०२ मध्ये कलकत्त्यात गायिका गौहर जान यांचं रेकॉर्डिंग झालं, तबकडीच्या एका बाजूला जेमतेम तीन मिनिटं, त्यात राग बसवायचा आणि शेवटी स्वतःचं नावपण सांगायचं, कारण तबकड्या जर्मनीत बनायच्या, तिथल्या माणसाला लेबल कसं कळणार! जुनी रेकॉर्ड वापरताना हक्क तपासा. आपल्याकडे प्रसिद्ध होऊन ६० वर्षं झाली की रेकॉर्डिंग मोकळं होतं, पण गीतकार-संगीतकाराचा हक्क त्यांच्या मृत्यूनंतर ६० वर्षं चालतो.

आणि प्रत्येक शूटला डायरीत सूर लिहा. बाई काळी पाचमध्ये (पेटीची पाचवी काळी पट्टी), बुवा काळी एकमध्ये, एडिटला एकावरून दुसऱ्यावर उडी मारलीत की कान ठेचकाळतो. म्हणून निघायच्या आधी त्याच सुरात नुसता तंबोरा पाच मिनिटं रेकॉर्ड करून घ्या, सगळे सांधे त्याच्यावरच जुळतात.